कोथिंबिरीसाठी उलटी गाडी

आमच्या स्टेशनवर फास्ट गाडी थांबत नाही. सिडनीच्या पश्चिमेकडच्या पॅरामॅटाहून सुटलेली ती गाडी आमच्या फलाटावरचे कॉफीचे रिकामे कप उडवत जाते आणि जिथे थांबण्यात काही अर्थ आहे अशा ठिकाणी जाऊन थांबते. आमच्याकडे थांबतात त्या वाटेतल्या प्रत्येक स्टेशनची विचारपूस करत जाणाऱ्या गाड्या. दोन फलाट, सकाळपुरता माणूस असलेली एक खिडकी, चिप्सची पाकिटं अर्ध्यावर अडकवून ठेवणारं एक मशीन आणि रुळांवरून जाणारा उंच पूल, त्याला दोन्ही बाजूंनी जिने. संपलं स्टेशन.

रुळांच्या उत्तरेला आमच्या बिल्डिंगा आहेत. दक्षिणेला बाकी सगळं आहे: डॉक्टर, लायब्ररी, पोस्ट, भाजीचं दुकान, इंडियन ग्रोसरी आणि बाकं असलेली बाग. फ्लॅट भाड्याने घेताना एजंट म्हणाला होता की स्टेशन अगदी जवळ आहे आणि दुकानं स्टेशनला लागून आहेत. दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. मध्ये रूळ आहेत हे त्याने सांगितलं नाही आणि ते डोळ्यांना दिसत होते म्हणून आम्हीही विचारलं नाही. मी पॅरामॅटाच्या एका सरकारी खात्यात काम करते. तिकडे जाणारी गाडी दक्षिणेच्या फलाटावर येते, त्यामुळे मी रोज सकाळी जिना चढून-उतरून जाते. माझ्या पायांना त्याचं काही वाटत नव्हतं, म्हणून मलाही वाटत नव्हतं.

मग वडील गेले आणि आई आमच्याकडे आली.

आई पिंपरीतल्या एका कारखान्याच्या कँटीनमध्ये सुपरवायझर होती. आयुष्यभर तिने शेकडो माणसांच्या जेवणाच्या वेळा सांभाळल्या. उभं राहून राहून गुडघे कामातून गेले, पण आवाज शाबूत होता. पिंपरीला तिचं घर तळमजल्यावर होतं. दाराबाहेर पडलं की भाजीवाला, वाणी, विहार, मैत्रिणी, सगळं सपाटीवर. इथे आल्यावर पहिल्याच रविवारी मी तिला पुलापाशी नेलं. तिने मान वर करून जिना पाहिला, रेलिंगवर हात ठेवून बघितला आणि म्हणाली, "आज नको."

त्यानंतर ती कधी 'आज' म्हणाली नाही. रस्त्याने जायचं तर पुढच्या भुयारी रस्त्यापर्यंत जाऊन वळसा घालावा लागतो आणि तो तिच्या पायांना जिन्याहूनही जड होता. मी माझ्या परीने उपाय केले. भाजी ऑनलाइन मागवायला लागले. शनिवारी कारने तिला सगळीकडे फिरवून आणायला लागले. माझा नवरा कॅनबेराला, तिथल्या गुंगालिन भागात, कॉन्ट्रॅक्टवर असतो, तो वीकेंडला आला की तिला बागेत सोडायचा आणि तासाभराने उचलून आणायचा, जसं आपण लॉन्ड्रीचे कपडे आणतो. सकाळी त्रिशरण-पंचशील म्हणून झालं की आई बाल्कनीत खुर्ची टाकून बसायची आणि समोरच्या गाड्या बघायची. मी संध्याकाळी आले की मला सांगायची, आज दुपारची एक गाडी आलीच नाही. रेल्वेपेक्षा ती जास्त काळजीत असायची.

एक दिवस मी मीटिंगमध्ये असताना फोन वाजला. आमच्या स्टेशनच्या खिडकीतला माणूस होता. आईच्या पर्समध्ये मी माझा नंबर लिहून ठेवला होता, तो त्याला मिळाला होता. तो अगदी निवांत आवाजात म्हणाला की काळजीचं कारण नाही, पण माझी आई जिन्याच्या मध्यावर बसली आहे, तिला वरही जाता येत नाही आणि खालीही येता येत नाही. मी विचारलं, ती एकटीच आहे का? तो म्हणाला, नाही, सोबत एक बाई आहेत, आणि दोघींचं खाणं चाललं आहे.

मी धावत पोचले तेव्हा खाणं संपत आलं होतं. आई जिन्याच्या कडेला पाय लांब करून बसली होती. तिच्या शेजारी नारिंगी जॅकेट घातलेली, आईच्याच वयाची एक बारीकशी जपानी बाई बसली होती. दोघींच्या मध्ये एक डबा होता, त्यात भाताचे त्रिकोण होते. लोक बाजूने सॉरी सॉरी म्हणत चढत होते.

या बाईंना मी ओळखत होते, म्हणजे रोज बघत होते. आमच्या मागच्या बिल्डिंगमध्ये त्या एकट्या राहायच्या. रोज सकाळी स्टेशनच्या दारातला पाचोळा झाडायच्या. मला वाटायचं त्या रेल्वेच्या नोकर आहेत. सगळ्यांनाच वाटायचं, लोक त्यांना गाड्यांचे फलाट विचारायचे. त्या दिवशी कळलं की तसं काही नव्हतं. त्या स्वतःच्या हौसेने झाडायच्या. सुरुवातीला रेल्वेच्या माणसांनी त्यांना सांगितलं होतं की सुरक्षेच्या दृष्टीने असं झाडता येणार नाही, निदान नारिंगी जॅकेट तरी पाहिजे. त्यांनी दुसऱ्या दिवशी जॅकेट विकत आणलं. रेल्वेला पुढे काय बोलावं ते सुचलं नाही.

आईला उतरवायला आम्हा तिघींना बराच वेळ लागला. खाली आल्यावर मी आईला जरा रागावूनच विचारलं की तू सांगितलं का नाहीस, मी सुट्टी घेतली असती. आईने शांतपणे सांगितलं, "कोथिंबिरीसाठी कोण सुट्टी घेतं?"

दुसऱ्या दिवसापासून त्या जपानी बाई रोज सकाळी झाडून झालं की आमच्याकडे चहाला येऊ लागल्या. आईने पहिल्याच दिवशी बोटांवर वयाचा हिशेब केला, त्या थोड्या मोठ्या निघाल्या, म्हणून त्या ताई झाल्या. मी आईला 'आई' म्हणते हे ऐकून त्यांनी त्याला जपानीतलं आदराचं 'सान' जोडून तिचं नाव 'आईसान' ठेवलं. त्यांचं इंग्रजी चाळीसेक वर्षं ऑस्ट्रेलियात राहूनही जपून वापरल्यासारखं होतं. आईचं इंग्रजी कँटीनच्या मालाच्या नावांपुरतं होतं: ऑइल, गॅस, ब्रेड, टोटल. एवढ्या भांडवलावर दोघी तासन्‌तास बोलायच्या.

त्यात एक गंमत झाली. जपानीत हो म्हणायला 'हाय' म्हणतात. आईचं माहेर फलटणजवळच्या खेड्यात. तिकडेही 'हाय' म्हणजे 'आहे', आणि कुणी काही विचारलं तर होकारालाही तेच. पिंपरीला आल्यावर शेजारणी हसायच्या म्हणून आईने 'हाय' टाकून 'आहे' धरलं होतं. आता समोरून दर वाक्याला 'हाय' येऊ लागल्यावर आईच्याही तोंडून ते पुन्हा निघू लागलं. मी घरातून ऑफिसचं काम करत असले की आतून ऐकू यायचं: "टी?" "हाय." "शुगर?" "हाय." "शुगर हाय?" "हाय हाय." माझ्या आईला तिची भाषा सिडनीत एका जपानी बाईने परत आणून दिली आणि मराठी मंडळाच्या सिनियर ग्रुपला, जिथे मी तिला मोठ्या उत्साहाने नेलं होतं, त्यातलं काही जमलं नव्हतं. तिथे सगळ्यांनी तिच्याशी फार शुद्ध बोलून तिला गप्प केलं होतं.

आमच्या हॉलमध्ये बुद्धाची छोटी मूर्ती आहे. ती पाहून ताईंनी हात जोडले तेव्हा आई भलतीच खूश झाली. इतक्या दूर शेजारी बुद्धाच्या देशांपैकी एका देशातलं माणूस मिळालं होतं. तिने मला मध्ये घालून विचारलं की ताई कुठल्या विहारात जातात. ताईंनी प्रामाणिकपणे सांगितलं की नव्या वर्षाला त्या जपानी देवळात जायच्या, लग्न त्यांनी चर्चमध्ये केलं कारण तो पांढरा ड्रेस त्यांना आवडला होता, आणि अंत्यविधी मात्र भिक्खूंच्या हातून होईल, सगळ्यांचा तसाच होतो. आईच्या वडिलांनी धम्म घेतला तेव्हा अख्ख्या गावाशी वैर घेतलं होतं, विचार करून, रात्र-रात्र वाद घालून घेतला होता. ताई गेल्यावर ती मला म्हणाली, "यांना आयतं मिळालंय गं. म्हणून घरातल्या कपाटासारखं लागेल तेव्हा उघडतात." पण दुसऱ्या दिवशी तिने ताईंसाठी शिरा केला.

ताई मला त्यांच्या लहानपणीच्या स्टेशनबद्दल सांगायच्या. ओसाकातल्या एका जुन्या वस्तीत, घरांच्या मधून जाणारी दोन डब्यांची गाडी होती. फलाट इतका अरुंद आणि घरांना इतका खेटून की गाडीची वाट बघताना मागच्या घरात कुठला मासा तळतायत ते कळायचं. पूल नाही, जिना नाही. रूळ ओलांडायला फाटक होतं, त्याची घंटा वाजायला लागली की टोफूवाला सायकल थोपवून उभा राहायचा. सकाळी ज्याचं त्याचं दुकान झाडून झालं की लोक स्टेशनसमोरचा तुकडाही झाडायचे, कारण तो कुणाचाच नव्हता म्हणजे सगळ्यांचा होता. ताईंच्या हातातला झाडू तिथून आला होता. मी विचारलं की ते स्टेशन अजून आहे का. त्या म्हणाल्या, आहे, पण आता ते वर पुलावर नेलं आहे. काही वर्षांपूर्वी त्या बघायला गेल्या होत्या. उतरल्या, ओळखू आलं नाही, सरकता जिना होता, कॉफीचं दुकान होतं. पुढच्या गाडीने परत आल्या. हे त्यांनी कुणा दुसऱ्याबद्दल सांगावं तसं सांगितलं आणि आईच्या कपात आणखी चहा ओतला.

या सगळ्यात एक गोष्ट माझ्या लक्षात यायला हवी होती, ती आली नाही. फ्रीजमध्ये कोथिंबीर दिसू लागली होती. मी मागवलेली नसताना. मला वाटलं ताई आणून देत असतील.

एका दुपारी मला सिटीतल्या, म्हणजे सिडनीच्या मध्यभागातल्या एका मीटिंगला जायचं होतं. पॅरामॅटा स्टेशनच्या फलाटावर मी उभी होते आणि लिफ्टचं दार उघडून आतून माझी आई बाहेर आली. पायात माझे जुने स्नीकर्स, अंगावर साडी आणि स्वेटर, हातात चाकांची पिशवी. मागून ताई. दोघी मला पाहून जराही दचकल्या नाहीत. मी विचारलं, तुम्ही इथे काय करताय?

"घरी चाललोय," आई म्हणाली.

"घर त्या बाजूला आहे, आई. तू आपलं स्टेशन ओलांडून पुढे आली आहेस."

"म्हणून तर इकडून चाललोय."

मग ताईंनी समजावलं. युक्ती त्यांचीच होती आणि इतकी साधी होती की मला ती वर्षानुवर्षं सुचली नव्हती. आमच्या उत्तरेच्या फलाटावर रस्त्यावरून सरळ चालत जाता येतं. तिथून सिटीकडे जाणारी गाडी पकडायची. वाटेत लिफ्ट असलेलं पहिलं स्टेशन आलं की उतरायचं, लिफ्टने दुसऱ्या फलाटावर जायचं आणि उलटी गाडी धरून परत यायचं. ती गाडी आपल्याला आपल्याच स्टेशनच्या दक्षिणेच्या फलाटावर आणून सोडते. भाजी घ्यायची, लायब्ररीत बसायचं, बागेत डबा खायचा. परत येताना तिकडून पॅरामॅटाला जायचं, तिथल्या लिफ्टने फलाट बदलायचा आणि सिटीची गाडी धरून घरी. दोन जिने टाळायला सिडनीचा बराचसा पश्चिम भाग पालथा घालायचा.

मी त्या दिवशी सिटीपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिले. माझी म्हातारी आई एका रुळापलीकडे जाऊन यायला चार गाड्या बदलते. मला रडायला आलं आणि मग राग आला. नेमका कुणावर ते ठरवायला जरा वेळ लागला, कारण स्वतःला सोडून कुणीतरी शोधायचं होतं. सरकार सापडलं.

मी आणि बिल्डिंगमधल्या काही जणांनी लिफ्टसाठी मोहीम काढली. ईमेल पाठवले, त्यांना अतिशय विनम्र उत्तरं आली. कौन्सिलच्या हॉलमध्ये सभा घेतली. मी त्यात प्रेझेंटेशन केलं. नकाशावर आईचा मार्ग लाल रंगात दाखवला होता. लाल रेघ सिटीच्या दिशेने जाऊन वळते, आपल्या स्टेशनवरून पुढे पॅरामॅटाला जाते आणि परत येते, हे पाहून हॉलमध्ये लोकांनी हळहळ व्यक्त केली. एका बाईंनी डोळे पुसले. आई दुसऱ्या रांगेत बसली होती. घरी येताना तिने एवढंच विचारलं की तो लाल नकाशा इतका वेळ का दाखवत होतीस. मी म्हणाले, लोकांना कळायला नको का? ती म्हणाली, कळलं की, पण मधली गंमत कुठे दाखवलीस?

मी ते ऐकून सोडून दिलं. मोहिमेत गमतीला जागा नव्हती.

मग स्थानिक पेपरची एक तरुण पत्रकार आली. तिला दोघींना स्टेशनवर भेटायचं होतं. मी दुभाषी. तिने आईला विचारलं की सरकारला तुमचा काय संदेश आहे. आईने बराच विचार करून सांगितलं की गाड्या वेळेवर असतात, डबे स्वच्छ असतात, फक्त हिवाळ्यात हीटर पायाशी जास्त तापतो. मी त्याचं भाषांतर 'आम्हाला समान हक्क हवेत' असं केलं. पत्रकाराने ताईंना विचारलं की तुम्हालाही असंच वाटतं का. ताई म्हणाल्या, "हाय, हाय." आईही म्हणाली, "हाय, हाय," आणि हात वर केला. त्या क्षणाचा फोटो निघाला. पुढच्या आठवड्यात तो पहिल्या पानावर होता: दोन म्हाताऱ्या, उंचावलेला हात, मागे जिना. बातमीत लिहिलं होतं की भारतीय आणि जपानी आज्यांनी एका सुरात घोषणा दिल्या. पिंपरीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फोटो पोचला तेव्हा कारखान्यातल्या जुन्या कामगारांनी आईला लाल सलाम पाठवले. मी तिला विचारलं की हात का वर केलास. तिने सांगितलं की गाडी येत होती, तिने ड्रायव्हरला हात केला. तो ओळखीचा होता.

लिफ्ट मंजूर झाली. आमच्या मोहिमेमुळे झाली की निवडणूक जवळ आली होती म्हणून, ते मी शोधायला गेले नाही. बांधकाम सुरू झालं आणि व्हायचं तितकं लांबलं. जिन्यांची रुंदी अर्धी झाली, फलाटावर हिरवं कापड लागलं, अनेक वीकेंड गाड्यांऐवजी बस धावल्या. या सगळ्या काळात ज्यांना काहीच त्रास झाला नाही अशा फक्त दोनच प्रवासी होत्या. त्या जिना वापरतच नव्हत्या.

उद्घाटन दक्षिणेच्या बाजूला ठेवलं होतं, कारण गाड्या पार्क करायला जागा तिकडे होती. आई आणि ताईंना खास निमंत्रण होतं. समारंभाच्या आदल्या दिवशी लक्षात आलं की रिबीन कापेपर्यंत लिफ्ट कुणालाच वापरता येणार नाही. मी आयोजकांना फोन केला. त्यांनी मनापासून दिलगिरी व्यक्त केली आणि सुचवलं की फक्त या एका वेळी त्यांना जिन्याने येता येईल का. मी म्हणाले, मी त्यांना कारने आणते. आई म्हणाली की तू भाषण करणार आहेस, तू तिकडे लवकर जा, आम्ही आमच्या रस्त्याने येतो.

त्या सकाळी लाइनवर कुठेतरी सिग्नलचा बिघाड झाला. मी स्टेजवर उभी राहून सांगत होते की माझ्या आईला रूळ ओलांडायला किती हिंडावं लागायचं, आणि माझी आई त्या वेळी दोन स्टेशनं पलीकडे थांबलेल्या गाडीत बसून होती. मंत्रिमहोदयांनी रिबीन कापली, ते लिफ्टने वर गेले, हात हलवून खाली आले आणि पुढच्या कार्यक्रमाला निघून गेले. सँडविच संपत आली तेव्हा दक्षिणेच्या फलाटावर गाडी आली आणि त्यातून दोघी उतरल्या. ताईंनी नवं जॅकेट घातलं होतं. आईने उरलेली दोन सँडविच रुमालात बांधून घेतली.

घरी येताना मी त्यांना पहिल्यांदा लिफ्टने आणलं. वर, पुलावरून पलीकडे, खाली. एवढंच. उतरल्यावर दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. आई म्हणाली, छान आहे हो. ताई म्हणाल्या, हाय.

पुढच्या सोमवारी आईने लिफ्टने जाऊन भाजी आणली आणि मी ऑफिसात लॅपटॉप उघडायच्या आत तिचा फोन आला की ती घरी पोचलीसुद्धा. तिच्या आवाजात कौतुक नव्हतं. मंगळवारीही तसंच झालं. बुधवारी मला पॅरामॅटाच्या फलाटावर पलीकडे नारिंगी जॅकेट दिसलं.

त्या संध्याकाळी मी आईशी भांडले. दोन वर्षं मी कुणाकुणाच्या पाया पडले, सभा घेतल्या, तुझ्यासाठी लिफ्ट बांधून घेतली आणि तू अजून गाडीने फिरतेस, लोक काय म्हणतील, असं सगळं. आई मेथी निवडत होती. तिने माझं पूर्ण बोलून होऊ दिलं.

"लिफ्ट चांगलीच आहे," ती म्हणाली. "पण लिफ्टमध्ये बसायला जागा कुठे असते?"

मग ती म्हणाली की गाडीत ताई खिडकीतून तिला एकेक घर दाखवतात, कुणाकडे लिंबं लागली, कुणी भिंत रंगवली. एक शाळा लागते, तिची मधली सुट्टी त्यांना बरोबर गाठता येते. कँटीनमध्ये असताना तिला कधी कुठे बसून जायला मिळालं नव्हतं. हे तिने तक्रारीच्या सुरात सांगितलं नाही. मी समोर बसून मेथी निवडायला लागले. मोहीम मी माझ्यासाठी काढली होती हे मला तेव्हा कळलं, पण त्यामुळे मला फार वाईट वाटलं असं म्हणता येणार नाही. बाळाच्या गाड्या घेऊन लिफ्टपाशी उभ्या राहणाऱ्या बायका रोज दिसत होत्या.

त्यानंतरच्या हिवाळ्यात ताई त्यांच्या घरात, न्हाणीघरात पडल्या आणि खुब्याचं हाड मोडलं. त्यांचा मुलगा पर्थला असतो. तो आला, ऑपरेशन होईपर्यंत थांबला आणि रजा संपल्यावर गेला. हॉस्पिटल पॅरामॅटाच्या पुढे होतं. आई मला म्हणाली की ती रोज जाणार. मी म्हणाले की मी संध्याकाळी कारने नेत जाईन. तिने ऐकून घेतलं आणि सकाळी निघून गेली. लिफ्टने पलीकडच्या फलाटावर, तिथून गाडीने, पुढे बसने, बसमधल्या लोकांना "हॉस्पिटल? टोटल स्टॉप?" असं विचारत. तिसऱ्या-चौथ्या दिवशी वॉर्डातल्या नर्सने मला फोनवर सांगितलं की पेशंटची बहीण खूप मदत करते. कोण बहीण, असं मी विचारायच्या बेतात होते.

मी शनिवारी गेले तेव्हा ताई खूपच लहान दिसत होत्या. नळ्या होत्या, केस विस्कटलेले होते. आई त्यांचे पाय चेपत होती. मी ताईंना विचारलं, कसं वाटतंय. त्या इंग्रजीत म्हणाल्या की इथल्या खिडकीतून गाडी दिसत नाही, फक्त कार पार्क दिसतो. आणि मग, आईने कधी ऐकलं नसेल असं काहीतरी जपानीत बोलल्या, हळू आवाजात, बराच वेळ. आई मान डोलवत ऐकत राहिली. बाहेर आल्यावर मी विचारलं, तुला काय कळलं? आई म्हणाली, "काही नाही. पण घाबरल्यात त्या. घाबरलेलं माणूस कुठल्याही भाषेत तसंच बोलतं."

ताई परत स्वतःच्या घरी आल्या नाहीत. मुलाने त्यांच्यासाठी आमच्याच स्टेशनच्या दक्षिणेला, लायब्ररीच्या मागे असलेल्या वृद्धाश्रमात खोली घेतली. त्यांचा फ्लॅट रिकामा करताना आईने झाडू मागून घेतला. मला वाटलं ती आता स्टेशनचं दार झाडणार. पण तिने तो आपल्या बाल्कनीसाठी ठेवला. चांगला झाडू आहे, म्हणाली. स्टेशनच्या दारात आता पाचोळा साठतो, आणि रेल्वेने एक मशीन आणलं आहे, जे तो मोठ्या आवाजात एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला ढकलतं.

आई रोज लिफ्टने ताईंकडे जाते. येता-जाता मिळून जेमतेम एका चहाइतका वेळ लागतो आणि मधला सगळा वेळ तिकडे. ज्या लिफ्टला तिने नाक मुरडलं तिचं बटण आता सकाळच्या गर्दीत ती बाळगाडीवाल्या बायकांसाठी दाबून धरते, हे मी पुलावरून पाहिलं आहे.

मधल्या काळात आईचं पिंपरीला परत जायचं तिकीट काढलं होतं. तिथलं घर बंद होतं, भाडेकरू ठेवायचा की विकायचं ते ठरवायचं होतं. मामा सारखे फोन करत होते. गेल्या महिन्यात मी तिला विचारलं की बॅगा कधी भरायच्या. ती टीव्ही बघत होती. तिने सांगितलं की आश्रमातल्या फिजिओने ताईंना वॉकर घेऊन बाहेर न्यायला परवानगी दिली आहे, उन्हाळा लागला की रोज थोडं थोडं चालवायचं आहे, आणि तिथली मुलगी त्यांना फार घाई करते.

"मग?" मी विचारलं.

"मग काय. तारीख पुढे ढकल."

मी एअरलाइनला फोन लावला. तारीख बदलायचं कारण विचारलं गेलं. आजारपण, कौटुंबिक अडचण, कामाचं बंधन आणि इतर असे पर्याय होते. मी कौटुंबिक अडचण म्हणाले. आई आतून म्हणाली की अडचण कशाला सांगतेस, सगळं नीट तर आहे.